परिगणित मूल्ये आणि नोंदीचा अर्थ : येरमाळ्याच्या दाखल्यावरून एक चिकित्सा

1

वेब-अनुप्रयोगांच्या रचनेत एक लहानसा दिसणारा, पण परिणामाने मोठा असा प्रश्न वारंवार उपस्थित होतो. नोंदीच्या एखाद्या गुणधर्माला मोजकीच मूल्ये संभवत असतील, तर ती मूल्ये कोठे आणि कोणत्या रूपाने लिहून ठेवावीत? रूबी ऑन रेल्स या फ्रेमवर्कने 2014 मधील 4.1 या आवृत्तीत याचे एक सुटसुटीत उत्तर दिले. आज्ञावलीतील मॉडेलमध्ये मूल्यांची नावे ओळीने लिहावयाची. डेटाबेसात मात्र पूर्णांकच साठविला जातो. जँगो या दुसऱ्या फ्रेमवर्कने 2019 च्या डिसेंबरात, 3.0 या आवृत्तीत, अशा मूल्यांसाठी स्वतंत्र वर्ग दिले. तेथे साठविलेले मूल्य आणि वाचकाला दिसणारे नाव ही दोन्ही एकत्र घोषित होतात.

या सोयीचे गुण उघड आहेत. शब्दलेखनातील चुकांना आळा बसतो, जागा वाचते, आणि आज्ञावली वाचणाऱ्याला मूल्यांचा संपूर्ण गण एका दृष्टिक्षेपात दिसतो. तथापि, 'मूल्ये मोजकी आहेत' हे विधान नेमके कशाविषयीचे आहे, हा प्रश्न ही सोय विचारीत नाही. त्या प्रश्नाची चिकित्सा करण्यास एखादा प्रत्यक्ष दाखला समोर असणे इष्ट होय. धाराशिव जिल्ह्यातील, कळंब तालुक्यातील येरमाळा हे येडेश्वरीचे गाव त्या दृष्टीने फार उद्बोधक आहे; कारण गाव जागच्या जागी राहिले, आणि त्याच्या नोंदीतील जवळजवळ प्रत्येक रकाना बदलत गेला.

2

प्रथम 'जिल्हा' हा गुणधर्म घेऊ. 2023 मध्ये उस्मानाबाद जिल्ह्याचे नाव धाराशिव झाले. येथे वस्तू तीच राहिली व नाव बदलले. नावच मूल्य म्हणून साठविले असेल, तर प्रत्येक ओळ बदलणे प्राप्त होते; संकेतांक साठविला असेल, तर नाव एकाच ठिकाणी बदलून भागते. 2011 च्या जनगणनेत या जिल्ह्याचा संकेतांक 525 होता. परंतु 2001 च्या जनगणनेत राज्यांतर्गत क्रमाने तो 29 होता. म्हणजे संकेतांकही स्वयंसिद्ध नव्हे. तो कोणत्या योजनेतील आहे हे सांगितल्यावाचून त्याला अर्थ नाही.

दुसरा प्रकार याच्या उलट आहे. 1982 मध्ये उस्मानाबाद जिल्ह्यातून लातूर जिल्हा वेगळा झाला. येथे नाव तेच राहिले, पण वस्तू बदलली. 1981 मधील 'उस्मानाबाद' आणि 1983 मधील 'उस्मानाबाद' ही अक्षरश: समान मूल्ये दोन भिन्न प्रदेशांची वाचक आहेत. या दोन वर्षांच्या आकड्यांची तुलना करणारा अभ्यासक केवळ मूल्यावर विसंबला, तर लोकसंख्या एकाएकी घटल्याचा निष्कर्ष काढील.

तिसरा प्रकार 'राज्य' या गुणधर्माचा. येरमाळा हैदराबाद राज्यात होते. 1956 मध्ये मराठवाड्यासह ते द्वैभाषिक मुंबई राज्यात आले आणि 1960 मध्ये महाराष्ट्रात. येथे गाव तेच, पण त्याचा संबंध बदलला. या तिन्ही प्रकारांत परिगणित मूल्यांची यादी जणू कालातीत आहे असे गृहीत धरणे हेच प्रमादाचे मूळ आहे. जिल्हा व राज्य ही खऱ्या अर्थाने परिगणित मूल्ये नव्हेतच. ती स्वतंत्र अस्तित्व असलेल्या वस्तू आहेत. त्यांना आरंभ आहे, अंत आहे, पूर्वज आहेत. त्यांची जागा स्वतंत्र तक्त्यात, कालमर्यादेसह असावयास हवी. मॉडेलमधील चार शब्दांच्या ओळीत नव्हे.

3

मात्र यावरून परिगणित मूल्ये सर्वथा त्याज्य ठरत नाहीत. सातबाऱ्यावरील भूधारणेचा प्रकार हा त्यांचा अत्यंत उचित विषय आहे. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 29 मध्ये भोगवटादार वर्ग 1, भोगवटादार वर्ग 2 आणि शासकीय पट्टेदार असे वर्ग सांगितले आहेत. वर्ग 1 च्या धारकाला हस्तांतरणाचा अधिकार निर्बंधाशिवाय आहे. वर्ग 2 च्या धारकाच्या त्या अधिकारावर निर्बंध आहेत. हा गण कायद्याने बांधलेला असून प्रत्येक मूल्यासरशी आज्ञावलीचे वर्तन बदलावे लागते. जेथे मूल्य बदलताच नियम बदलतो, तेथेच ते मूल्य आज्ञावलीत लिहिणे सार्थ होते.

परंतु याच उदाहरणात रेल्सच्या संक्षिप्त पद्धतीतील दोष सर्वाधिक घातक ठरतो. मूल्यांची नुसती यादी दिली असता क्रमांक शून्यापासून लागतात. म्हणजे वर्ग 1 साठी 0 आणि वर्ग 2 साठी 1 साठविला जातो. आता मॉडेलला वगळून थेट डेटाबेसातून अहवाल काढणाऱ्या मनुष्याची कल्पना करावी. रकान्यात त्याला '1' दिसतो आणि तो सहजच 'वर्ग 1' असे वाचतो. निर्बंधित जमीन निर्बंधमुक्त म्हणून अहवालात उतरते. यंत्राने कोठेही दोष दाखविलेला नसतो. किंबहुना यंत्राच्या दृष्टीने दोष घडलेलाच नसतो.

दुसरा धोका क्रमाचा आहे. पुढे कोणी यादीच्या मध्ये एखादे नवे मूल्य घातले, तर त्यानंतरच्या सर्व जुन्या नोंदींचा अर्थ एका क्षणात सरकतो. नवे मूल्य यादीच्या शेवटीच जोडावे, अशी सूचना रेल्सच्या दस्तऐवजांत आहे. पण जो नियम पाळणे सर्वस्वी आज्ञावलीकाराच्या स्मरणावर सोडले आहे, तो नियम रचनेचा भाग मानता येत नाही. नाव आणि पूर्णांक यांची जोडी स्पष्टपणे लिहिण्याचा पर्याय त्याच चौकटीत उपलब्ध आहे. तो पर्याय अपवाद न राहता रीत व्हावयास हवा.

जँगोची पद्धत या बाबतीत अधिक सावध आहे, कारण मूल्य व नाव यांची फारकत ती आरंभीच करते. परंतु तिचाही एक उणेपणा आहे. यादीबाहेरचे मूल्य आले तर अर्जाच्या तपासणीत ते अडते. पण नोंद थेट जतन केली असता ही तपासणी आपोआप होत नाही, आणि डेटाबेसही स्वत:हून हरकत घेत नाही. तेथे स्वतंत्र निर्बंध घालावा लागतो. याउलट पोस्टग्रेस्क्यूएलमधील परिगणित प्रकार डेटाबेसाच्या पातळीवरच पहारा देतो. मात्र त्यातील मूल्य वाढविता किंवा 2017 च्या दहाव्या आवृत्तीपासून त्याचे नाव बदलता आले, तरी ते काढून टाकता येत नाही. ही अडचण म्हणून सांगितली जाते. वस्तुत: नोंदींच्या अर्थाच्या दृष्टीने तीत काही शहाणपणही आहे.

4

हे शहाणपण येरमाळ्याच्या परिसरात दोन रूपांनी दिसते : एकदा भंगलेले, एकदा पाळलेले. गावावरून जाणारा सोलापूर-धुळे मार्ग पूर्वी राष्ट्रीय महामार्ग क्रमांक 211 होता. 2010 च्या पुनर्क्रमांकनानंतर तो क्रमांक 52 च्या मार्गाचा भाग झाला. परंतु 52 हा क्रमांक त्यापूर्वी आसाम व अरुणाचल प्रदेशातील एका महामार्गाचा होता. जुन्या कागदातील 52 आणि नव्या कागदातील 52 यांत सारा देश आडवा पडला आहे. एकदा वापरलेला अंक दुसऱ्या अर्थाने पुन्हा वापरल्याचे याहून ठळक उदाहरण सापडणे कठीण.

उलटपक्षी तलाठ्याचे दप्तर पाहावे. त्यातील गाव नमुने 1 ते 21 असे क्रमांकित आहेत. नमुना 7 हा अधिकार अभिलेखाचा, 12 हा पिकांच्या नोंदीचा, 6 हा फेरफारांचा. ज्यांना पोटप्रकार आहेत तेथे 6-अ, 7-अ, 8-अ अशी अक्षरे जोडलेली आहेत; त्यामुळे पुढचा क्रमांक हलत नाही. हे क्रमांक इतके स्थिर राहिले की 'सातबारा' हा अंक न राहता मराठीतील शब्द झाला. शिवाय या दप्तरात मूल्य खोडून नवे लिहिले, एवढ्याने काम संपत नाही; बदल कोणत्या दिवशी व कोणत्या कारणाने झाला हे फेरफाराच्या नोंदवहीत लिहावे लागते. मूल्य आणि मूल्याचा इतिहास हे दोन वेगळे विषय आहेत, ही जाण फ्रेमवर्कच्या पुष्कळ आधी या दप्तराला होती.

एवंच, परिगणित मूल्यांविषयीचा वाद पूर्णांक की अक्षरे असा नाही. गण कायद्याने वा व्यवहाराच्या नियमाने बांधलेला असेल आणि मूल्यानुसार वर्तन बदलत असेल, तर तो आज्ञावलीत लिहावा. पण मूल्याची जोडी स्पष्ट असावी, डेटाबेसाने तिचे रक्षण करावे, आणि वापरातून गेलेला अंक पुन्हा कोणास देऊ नये. ज्यांना स्वत:चा इतिहास आहे त्या वस्तूंना तक्त्यातच स्थान द्यावे. आज्ञावली दोन-चार वर्षांत नव्याने लिहिली जाते. नोंद मात्र तिच्या मागे उरते, आणि त्या नोंदीतील एका अंकावर येरमाळ्याच्या शेतकऱ्याला आपली जमीन विकता येईल की नाही हे अवलंबून असते.