बडतर्फीचा न्याय आणि पुनरीक्षणाची मर्यादा

गैरवर्तनाबद्दल बडतर्फ झालेल्या कामगाराच्या तंट्यात तीन निर्णय एकावर एक उभे असतात : मालकाचा हुकूम, कामगार न्यायालयाचा अथवा औद्योगिक न्यायाधिकरणाचा निवाडा, आणि त्या निवाड्याचे उच्च न्यायालयाने केलेले पुनरीक्षण. शिक्षा योग्य होती काय, हा प्रश्न तिन्ही ठिकाणी वरवर सारखाच दिसतो. परंतु तो विचारण्याचा अधिकार प्रत्येक ठिकाणी निराळा असतो. हा भेद आपल्या निर्णयपरंपरेत कसा पुसट होत गेला, एवढेच प्रस्तुत लेखात पाहावयाचे आहे.

आरंभ १९५८ सालच्या इंडियन आयर्न अँड स्टील कंपनीच्या खटल्यापासून करणे सोयीचे आहे. त्यात सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, न्यायाधिकरण हे मालकाच्या हुकुमावरील अपील न्यायालय नव्हे. मालकाची सद्‌बुद्धी नसेल, कामगारावर सूड उगविला असेल किंवा अनुचित कामगार प्रथा अवलंबिली असेल, नैसर्गिक न्यायाच्या तत्त्वांचा भंग अथवा मूलभूत चूक झाली असेल, किंवा चौकशीतील निष्कर्ष सर्वस्वी निराधार वा विपर्यस्त असेल, तरच न्यायाधिकरणाने हात घालावा. शिक्षा किती, हा विषय सामान्यतः मालकाच्या कक्षेतला राहिला.

या चौकटीतही न्यायबुद्धीने वाट काढलीच. हिंद कन्स्ट्रक्शन कंपनीच्या, १९६५ च्या विधिवृत्तांत प्रसिद्ध झालेल्या खटल्यात एक दिवस गैरहजर राहिल्याबद्दल कामगारांना बडतर्फ करण्यात आले होते. ज्या शिक्षेचा कोणताही समंजस मालक विचारही करणार नाही, ती शिक्षाच सूडाचा पुरावा मानता येते, असे न्यायालयाने म्हटले. तथापि ध्यानात घ्यावयाचे ते हे की, ‘धक्कादायक विषमता’ ही कसोटी येथे जन्मली ती न्यायाधिकरणास शिक्षेवर अधिकार नव्हता म्हणून. सूडाच्या दाराने तिला आत यावे लागले.

१९७१ साली संसदेने हे दार अनावश्यक करून टाकले. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या १९६३ च्या शिफारशीचा हवाला देऊन औद्योगिक विवाद अधिनियमात कलम ११-अ घालण्यात आले व १५ डिसेंबर १९७१ पासून ते अंमलात आले. बडतर्फी ‘समर्थनीय नव्हती’ अशी न्यायाधिकरणाची खात्री झाली, तर ती रद्द करण्याचा अथवा सौम्य शिक्षा देण्याचा अधिकार त्यास मिळाला. १९७३ च्या फायरस्टोन टायर कंपनीच्या निर्णयाने या बदलाचा अर्थ निःसंदिग्धपणे सांगितला : पूर्वी केवळ मालकाचे समाधान निर्णायक होते, आता न्यायाधिकरणाचे समाधान निर्णायक झाले. कलमाच्या शब्दांत ‘धक्का’ कोठेही नाही.

पुनरीक्षणाची पुढची पायरी संविधानाच्या अनुच्छेद २२६ व २२७ ची. तिची मर्यादा १९६३ साली सय्यद याकूब खटल्यात न्या. गजेंद्रगडकर यांनी आखून दिली होती. अभिलेखावर उघड दिसणारी कायद्याची चूक उच्च न्यायालयास दुरुस्त करता येते. वस्तुस्थितीविषयीची चूक, ती कितीही गंभीर असो, दुरुस्त करता येत नाही. मात्र पुराव्यावाचून काढलेला निष्कर्ष ही कायद्याचीच चूक होय. या दोन गोष्टी एकत्र ठेवल्या म्हणजे रचना स्पष्ट होते. न्यायाधिकरणाने मालकाचा हुकूम मोकळेपणाने तपासावा. उच्च न्यायालयाने न्यायाधिकरणाचा निवाडा संयमाने तपासावा.

पुढील निर्णयांत ही रचना जवळजवळ उलटी झालेली दिसते. वरिष्ठास अर्वाच्य शिवीगाळ केल्याबद्दल झालेल्या बडतर्फीच्या, महिंद्र अँड महिंद्र कंपनीच्या खटल्यात कामगार न्यायालयाने शिक्षा सौम्य केली होती व उच्च न्यायालयाने ती मान्य केली होती. २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी पुनःस्थापित केली. सदसद्विवेकास अस्वस्थ करण्याइतकी विषमता, शिक्षा सौम्य करण्यास पोषक परिस्थिती किंवा पूर्वीची वर्तणूक अशी कारणे असतील तरच ११-अ चा अधिकार वापरावा, असे त्यात सांगितले. वास्तविक विषमतेची ती कसोटी जुन्या, अधिकार नसलेल्या न्यायाधिकरणाची होती.

त्याच वर्षीचा भारत फोर्ज कंपनीचा निर्णय याच्या जोडीने उद्धृत केला जातो. १९८३ साली कामाच्या वेळी झोपलेल्या कामगाराची बडतर्फी, त्याच्या पूर्वीच्या तीन शिक्षा लक्षात घेऊन, २००५ साली कायम करण्यात आली. परंतु तो तंटा महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक अधिनियमाखालील होता. किरकोळ गैरवर्तनास धक्कादायक रीतीने विषम शिक्षा, हे शब्द त्या अधिनियमाच्या चौथ्या अनुसूचीतच आहेत. एका अधिनियमाचे शब्द दुसऱ्यावर लादणे हे तर्कदृष्ट्या टिकणारे नाही.

यावर असा आक्षेप येईल की, काही निवाड्यांत दया दिसते, कारणे दिसत नाहीत. शिस्त राखणाऱ्या व्यवस्थापनास मग आधार कोणता? आक्षेप खोटा नाही. परंतु त्यावरील उपाय कारणांची मागणी करणे हा आहे, अधिकाराचा संकोच करणे हा नव्हे. कारणांवाचून दिलेला निवाडा उच्च न्यायालयाने अवश्य रद्द करावा. कारणे देऊन, पुरावा तोलून दिलेला निवाडा, आपण स्वतः निराळी शिक्षा दिली असती एवढ्यासाठी, रद्द करू नये.

प्रश्न केवळ तात्त्विक नाही. बावीस वर्षांनी मिळालेला अंतिम निर्णय, तो कोणाच्याही बाजूने लागो, कामगाराचे कर्ते वय संपल्यावर येतो. प्रत्येक पायरीवर गुणावगुणांचा नव्याने विचार होऊ लागला म्हणजे दीर्घ दम असलेल्या पक्षाचा लाभ होतो, आणि तो पक्ष क्वचितच कामगार असतो.

१९४७ च्या अधिनियमाची जागा घेणारी २०२० ची औद्योगिक संबंध संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अंमलात आली आहे व ११-अ चा अधिकार तिच्या कलम ५० मध्ये उतरला आहे. शब्द नव्या क्रमांकाखाली आले असता ते जुन्या भाष्याच्या ओझ्याखाली वाचावयाचे की संसदेने लिहिले तसे वाचावयाचे, हे ठरविण्याची संधी न्यायालयांस पुन्हा आली आहे. आमच्या मते दुसरा मार्गच संहितेच्या शब्दांशी प्रामाणिक आहे.