कापलेली चित्रफीत आणि पोप फ्रान्सिस यांचा संदेश

दिवंगत पोप फ्रान्सिस यांनी २४ जानेवारी २०१८ रोजी, पत्रकारांचे आश्रयदाते संत फ्रान्सिस द सेल्स यांच्या सणादिवशी, खोट्या बातम्यांविषयी एक संदेश प्रसिद्ध केला. तो आम्ही अलीकडे पुन्हा वाचला. त्यातील सर्वांत सकस भाग म्हणजे उत्पत्तीच्या तिसऱ्या अध्यायाचे विवेचन. एदेन बागेतील सर्प अगदीच निराधार असे काही रचत नाही. देवाने मनाई केली होती एका झाडाची. सर्प ती सगळ्या झाडांना लावून हव्वेला प्रश्न करतो, आणि तोही हितचिंतकाच्या सुरात!

या विवेचनाचा पडताळा त्याच वर्षी महाराष्ट्रात आला. मुले पळवणाऱ्या टोळीच्या अफवांबरोबर एक चित्रफीत व्हॉट्सॲपवरून देशभर फिरत होती. मोटारसायकलवरून दोघे येतात, एक मूल उचलतात आणि पसार होतात. ती मूळची कराचीतील, पालकांनी सावध राहावे म्हणून केलेली. शेवटी मूल परत आणून सोडले जाते व इशाऱ्याचा फलक दाखवला जातो. नेमका तो शेवटच कोणी कापून टाकला होता. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे मुले पळवण्याच्या अशाच अफवेपायी जमावाने भटक्या नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच जणांना बेदम मारून ठार केले. ते भिक्षेसाठी आले होते.

येथे संदेश आम्हांस तोकडा वाटतो. प्रत्येकाची जबाबदारी पोप फ्रान्सिस मान्य करतात, परंतु अखेरचा भर पत्रकारांवर देतात. राईनपाड्याच्या अफवेला कोणा वार्ताहराची गरज पडली? असल्या चित्रफिती पुढे धाडणारे मावशी-काका लबाड नव्हते. त्यांना भाचरांची काळजी होती. असत्याच्या मुळाशी सत्तेची आणि भोगाची हाव असते, हे संदेश नेमके दाखवतो. माया त्याचे वाहन होते, हे मात्र त्यात ठळकपणे येत नाही. त्याच जुलैत व्हॉट्सॲपने भारतात एक मजकूर एका वेळी पाच ठिकाणीच धाडता येईल अशी मर्यादा जाहीर केली. ठीकच, पण घरच्यांपर्यंत पोहोचायला पाच पुष्कळ झाले.

कोपरला मिस्सेनंतर एका आजीबाईंनी आम्हांला मोबाईल दाखवला. पोपमहोदयांच्या नावाची एक प्रार्थना होती. "फादर, ही खरंच त्यांची आहे का?" आम्ही विचारले, कोणी पाठवली? "तुम्हीच की!" मग आम्ही व्हॅटिकनच्या संकेतस्थळावर तिचा शोध घेतला. ती कोठेच आढळली नाही. पुढल्या रविवारी वेदीवरून तसे सांगितले.