योनास मेकस : क्षणदर्शने आणि मौन

स्मृती ही अखंड कथा नसून तुटक प्रत्ययांची मालिका असते, हा विचार साहित्यसमीक्षेस नवा नाही. चित्रपटाच्या माध्यमात त्याला स्वाभाविक घाट देणारे कलावंत मात्र थोडे. लिथुआनियात १९२२ साली जन्मलेले आणि २०१९ साली न्यूयॉर्क येथे निवर्तलेले कवी व चित्रपटकार योनास मेकस हे त्यांपैकी एक होत. १९४४ साली बंधू अडोल्फस यांच्यासह त्यांनी मायदेश सोडला. जर्मनीतील सक्तमजुरीची छावणी आणि नंतर निर्वासितांच्या छावण्या यांतून ते १९४९ साली न्यूयॉर्कला पोहोचले आणि लवकरच त्यांनी कॅमेरा हाती घेतला.

‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुआनिया’ (१९७२) या चित्रपटाचा मध्यभाग १९७१ च्या ऑगस्टमधील गावभेटीचा आहे. त्याची रचना क्रमांक दिलेल्या क्षणदर्शनांची आहे. उघड्यावर चूल पेटवून रांधणारी आई, विहिरीचे पाणी, भावंडांची थट्टा ही दृश्ये थरथरत येतात आणि पुरती उमगण्यापूर्वीच विरतात. हा तुटकपणा म्हणजे तंत्रातील उणीव नव्हे. सत्तावीस वर्षे दुरावलेल्या नजरेची ती लय आहे. पुढे मेकस यांनी आपल्या चित्रफितींतील सलग चौकटी छायाचित्ररूपाने छापल्या, त्यांतही थांबलेल्या क्षणाशेजारी त्याचा निसटणारा क्षण उभा राहतो. येथे घाट आणि आशय यांचे अद्वैत साधले आहे, यात शंका नाही.

परंतु याच घाटातून एक कठीण प्रश्न उद्भवतो. मेकस यांचे गाव ज्या बिर्झाई परिसरातले, तेथे १९४१ च्या ऑगस्टमध्ये सुमारे २४०० ज्यूंची हत्या झाली. बरोबर तीस वर्षांनंतरच्या ऑगस्टमधील या क्षणदर्शनांत त्या घटनेला जागा नाही. २०१८ साली इतिहासकार मायकेल कॅस्पर यांनी ‘न्यूयॉर्क रिव्ह्यू ऑफ बुक्स’मध्ये मेकस यांच्या युद्धकालीन आठवणींतील विसंगतींकडे आणि जर्मन अमलाखालील वृत्तपत्रांशी असलेल्या त्यांच्या संबंधाकडे लक्ष वेधले. हत्याकांडात सहभागाचा आरोप त्यांत नव्हता. प्रश्न होता तो स्मरणाच्या प्रामाणिकपणाचा.

क्षणदर्शन आपल्यापुरते खरे असते. दोन क्षणांमधील अंतराचा जाब मात्र त्याला कोणी विचारीत नाही. खंडित घाटाचे सामर्थ्य ते हेच, आणि त्याची सोयही हीच. म्हणून या कृतीला केवळ स्मरणरंजन म्हणून गौरविणे जितके अपुरे, तितकेच तिला केवळ विस्मरणाचा पुरावा ठरविणेही अपुरे होय. आईच्या चुलीवरचा धूर खरा आहे. त्याच्या पलीकडचे मौनही तितकेच खरे आहे. स्मृतीच्या कलेचे मूल्यमापन करताना तिने काय जपले याबरोबरच, जपताना कशाकडे पाठ फिरविली, हेही समीक्षेने पाहिले पाहिजे.