विषाचा कौल आणि लेखी तर्क

१९४२ साली क्रिप्स योजना घेऊन हिंदुस्थानात आलेल्या सर स्टॅफर्ड क्रिप्स यांचे नातू, एवढी क्वामे अँथनी अ‍ॅपिया यांची ओळख मराठी वाचकाला जवळची वाटेल. वडील जो अ‍ॅपिया घानामधले वकील आणि राजकारणी. मुलगा कुमासीत वाढला, केंब्रिजमध्ये तत्त्वज्ञान शिकला. त्यांचे ‘थिंकिंग इट थ्रू’ (२००३) हे नवशिक्यांसाठी लिहिलेले पुस्तक आहे. पण त्याचे शेवटचे प्रकरण मला प्रवेशिकेपुरते मर्यादित वाटत नाही.

पुस्तकाची रीत सरळ आहे : आधी व्याख्या, मग तिला छेद देणारे उदाहरण. सकारण आणि खरी समजूत म्हणजे ज्ञान, असे म्हणावे, तर गेटिए यांचा १९६३ सालचा आक्षेप उभा राहतो. बंद पडलेल्या घड्याळाने योगायोगाने बरोबर वेळ दाखवली, तर ते पाहणाऱ्याला वेळ कळली म्हणायची का? अन्याय्य कायदा हा कायदाच असतो का, या प्रश्नातून हार्ट यांच्याकडे जाता येते : वागण्याचे नियम वेगळे आणि ते नियम ठरवण्या-बदलण्याचे नियम वेगळे. देवाच्या अस्तित्वाचा अ‍ॅन्सेल्मप्रणीत पुरावा, आणि ‘अस्तित्व हा गुणच नव्हे’ हे कांटचे उत्तर, हीदेखील याच शिस्तीत येतात.

अखेरीस अझांदे येतात. इव्हान्स-प्रिचर्ड यांनी १९३७ साली मध्य आफ्रिकेतल्या या समाजाचे वर्णन केले. कोंबडीला ‘बेंगे’ हे विष पाजून कौल लावायचा. ती जगते की मरते यावर उत्तर ठरते. कौल चुकला, तर विष बिघडले होते किंवा पथ्य मोडले होते. अ‍ॅपिया याला हसत नाहीत. एक प्रयोग फसला म्हणून शास्त्रज्ञही सिद्धांत टाकून देत नाहीत. मग फरक कुठे? अ‍ॅपियांच्या उत्तरात साक्षरतेला मोठे स्थान आहे. लिहिलेली दोन विधाने शेजारी ठेवता येतात, आणि विसंगती डोळ्यांत भरते.

माझा मतभेद इथे आहे. लेखन विसंगती टिकवून धरते. आक्षेप घेणारा माणूस ते निर्माण करत नाही. केनियाचे ओडेरा ओरुका यांनी ‘सेज फिलॉसॉफी’ (१९९०) या ग्रंथात पारंपरिक जाणत्यांच्या मुलाखती दिल्या आहेत. त्यातले काही केवळ परंपरा सांगतात. काही मात्र आपल्याच समाजाच्या समजुती तपासतात, नाकारतात. पाठांतराच्या परंपरेतही पूर्वपक्ष आधी मांडावा लागतो, हे आपल्याला वेगळे सांगायला नको.

‘इन माय फादर्स हाउस’ (१९९२) मध्ये अ‍ॅपियांनीच विचाराच्या दोन शैली सांगितल्या आहेत : सामावून घेणारी आणि वाद घालणारी. मला हा धागा साक्षरतेपेक्षा बळकट वाटतो, कारण तो लिपीऐवजी लोकव्यवहाराकडे बोट दाखवतो. प्रश्न आहे तो भिन्न मताला बैठकीत जागा मिळते का, हा. हा भेद निसटला, तर आफ्रिकेतल्या विद्यार्थ्याला आपल्या निरक्षर आजोबांचे बोलणे तत्त्वज्ञानाच्या अलीकडचे वाटेल. म्हणून ही प्रवेशिका जरूर वाचावी, पण शेवटच्या प्रकरणाशी ओरुकांचे पुस्तक शेजारी उघडे ठेवावे.