पहिला क्रमांक आणि मांडवातले गाणे

‘बिनाका गीतमाला’च्या वार्षिक याद्यांत १९५३ साली पहिल्या स्थानावर ‘अनारकली’तले ‘ये जिंदगी उसी की है’ आहे. शब्द राजेंद्र कृष्ण यांचे, चाल सी. रामचंद्र यांची, स्वर लता मंगेशकरांचा. हे यश मोजले कोणी, आणि मोजणीतून राहिले कोण?

१९५२ मध्ये बा. वि. केसकर नभोवाणीमंत्री झाले, आकाशवाणीवरची चित्रपटगीते आटली आणि श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. त्याच डिसेंबरात अमीन सयानींची गीतमाला सुरू झाली. प्रारंभी सात गाणी क्रमाविना वाजत. क्रम श्रोत्यांनी लावून पत्राने कळवायचा. चढत्या क्रमाची पायदान-पद्धत नंतर आली. तिला तबकड्यांच्या खपाचा आणि श्रोतासंघांच्या पसंतीचा आधार होता. म्हणजे १९५३चे अग्रस्थान आणि पुढच्या वर्षांचे अग्रस्थान एकाच मापाने मोजलेले नाही. दोन्ही मापांत मात्र रेडिओ, तबकडी किंवा निदान पोस्टकार्ड हाताशी असणे गृहीत आहे.

माझी आई खालापूर तालुक्यातली. खोपोलीत टाटांचे वीजघर १९१५ पासून चालू होते, पण वीज मुंबईकडे जाई. तिच्या गावात कंदीलच. हे गाणे तिने लग्नाच्या मांडवात, चावीच्या ग्रामोफोनवर ऐकले. कर्जत-खालापूरच्या गावांतून मी तिच्या वयाच्या अनेकांना विचारले. गाण्याचा क्रमांक एकालाही आठवेना; कोणाच्या लग्नात ऐकले, ते मात्र बहुतेकांनी सांगितले.

याचे कारण चालीतही आहे. ‘अलबेला’त पाय थिरकवणारे सी. रामचंद्र इथे भीमपलासाच्या आधाराने संयमाने चालतात. मुखडा कोणा एकाचे नाव घेत नाही, त्यामुळे तो कोणाच्याही ओठी बसतो. चित्रपटात हेच गाणे दोनदा येते : एकदा प्रेमाच्या बहरात, पुन्हा अनारकलीला भिंतीत चिणताना. एकच मुखडा दोन्ही प्रसंगांना पुरतो, हे त्याचे खरे बळ.

पुष्कळ वर्षांनी आईने दूरदर्शनवर ‘अनारकली’ पाहिला. भिंत चढू लागली तशी ती म्हणाली, “अरे, हे मरणाचं गाणं होय? आम्ही तर लग्नात लावायचो!”

याद्या खोट्या नाहीत. पण त्या लिहिणाऱ्यांच्या आणि विकत घेणाऱ्यांच्या पसंतीच्या नोंदी आहेत. आपण त्यांनाच लोकप्रियतेचा इतिहास मानतो, तेव्हा ज्यांनी पत्र टाकले नाही आणि तरी गाणे सत्तर वर्षे सांभाळले, ते श्रोते इतिहासाबाहेर राहतात. त्यांना विचारायला आता फार वेळ उरलेला नाही.