यंग इंडिया आणि सव्वातीन मिनिटांची तालीम

मोठ्या माणसांची चरित्रं निघतात, मोठ्या कंपन्यांचे ताळेबंद छापून येतात. छोट्या कंपनीच्या नशिबी मात्र दोनच कागद : एक रजिस्टर झाल्याचा आणि दुसरा गाशा गुंडाळल्याचा. मधल्या काळात तिनं काय दिवे लावले, हे विचारायला कुणी फिरकत नाही. मी पडलो बी. कॉम. झालेला बँकेतला कारकून. या 'मधल्या काळा'विषयी मला भारी जिव्हाळा. माझं सगळं आयुष्य त्यातच चाललं आहे.

तर आज 'यंग इंडिया' या रेकॉर्ड कंपनीविषयी. पूर्ण नाव 'नॅशनल ग्रामोफोन रेकॉर्ड मॅन्युफॅक्चरिंग कंपनी लिमिटेड'. हे नाव एका दमात घेणाऱ्याला चाचणी न घेता गायक म्हणून ठेवायला हरकत नव्हती. कचेरी मुंबईला फोर्टात, कारखाना वडाळ्याला, धंदा 1935 ते 1955. वीस वर्षांत सुमारे दहा हजार शीर्षकं! म्हणजे रविवार, दिवाळी, शिमगा काही न सोडता रोजचं एक आणि वर थोडी शिल्लक. आमच्या शाखेत एवढा उरक असता तर आमची केव्हाच बदली झाली असती.

समोर कोण होतं? कुत्रा छाप! 1902 साली कलकत्त्याला गौहर जानचा आवाज तबकडीवर घेणारी, 1908 साली तिथेच कारखाना थाटणारी बलाढ्य ग्रामोफोन कंपनी. नावाजलेले गवई, नटसम्राट, सगळे त्या कर्ण्यासमोर. अशा वेळी छोट्या दुकानदारानं काय करावं? यंग इंडियानं केलं ते वेडेपणाचं वाटावं असं. तिनं प्रामुख्यानं नवखे, हौशी आणि ठिकठिकाणचे प्रादेशिक कलावंत घेतले. जोडीला भाषणं. शिवाय भाषा शिकवणारे धडेसुद्धा. आता विचार करा, तबकडीला चरा पडला की सुई जागच्या जागी अडकते. 'माझे नाव काय आहे' एवढ्यावरच विद्यार्थी आठवडाभर अडकला, तर पुढची ओळख व्हायची कशी?

नावाजलेल्यांचा भाव परवडत नसणार, हे सांगायला वाणिज्य शाखा लागत नाही. पण गरजेपोटी केलेली गोष्टसुद्धा कधी कधी धोरण ठरते. विक्षिप्त कंपन्या विलायतेतही झाल्या. मँचेस्टरची 'फॅक्टरी रेकॉर्ड्स' 1978 साली निघाली. ती भित्तिपत्रकाला, नाचघराला, मांजरालासुद्धा कॅटलॉग नंबर द्यायची. संस्थापक टोनी विल्सन 2007 साली वारले, तेव्हा त्यांच्या शवपेटीलाही 501 हा नंबर मिळाला. यात लोकांना काय नवल वाटतं कोण जाणे! आमच्या बँकेत मोडक्या स्टुलावरही डेड स्टॉकचा नंबर असतो. फरक इतकाच की स्टूल कधी गात नाही, नुसतं कुरकुरतं. ती फॅक्टरी 1992 साली बुडाली. आमची यंग इंडिया वीस वर्षं तगली, हे विसरू नये.

आता गुणदोष. खरं ते सांगायला हवं. 78 फेऱ्यांच्या त्या तबकडीला एका बाजूला तीन, फार तर सव्वातीन मिनिटं. तयारीचा गवई एवढ्यात रागाचं अत्तर काढून दाखवतो. नवखा बापडा पहिलं मिनिट घसा सापडण्यात घालवतो, दुसऱ्यात रंगात येतो आणि तिसऱ्यात बोट सुटल्यासारखा पळतो. त्यात जुन्या लाखेची खरखर, म्हणजे तव्यावर कोळंबी टाकल्यासारखा आवाज. उत्तम गाणं ऐकायचं असेल तर दुसरीकडे जावं, हे मी बजावून सांगतो. दहा हजारांत सगळं सोनंच असेल असं मानणारा रसिक नव्हे, भाबडा खातेदार.

पण हेच आमच्या शाखेत पेन्शनला येणाऱ्या तात्यांपाशी बोललो, तर ते दशावतारात शंकासुराला आडवं जावं तसे आडवे आले. "अरे झिला, देवाक काय नुसती कमळाच लागतत? तेरड्याचा फूल पण चलता."

तात्यांचं म्हणणं मला पटलं, आणि ते हिशेबातही बसतं. मोठ्या कंपनीनं शिखरं जपली, म्हणून बालगंधर्व कसे गायचे ते आपण जाणतो. पण बालगंधर्व ऐकून घरी आलेला माणूस मोरीत काय गायचा? गावातल्या भजनात पेटीवर बसणारा कसा गायचा? 1940 च्या सुमारास साधा, बरा, हौशी गळा कसा लागायचा? एका काळाचं गाणं म्हणजे त्याची चार शिखरं नव्हेत. खालचा सडा, मळा, पाणंद हेही त्यात आलंच. याचा पुरावा ठेवला तो यंग इंडियासारख्यांनी. समीक्षकांनी त्याला 'दुय्यम' म्हणून बाजूला सारलं. दुय्यम म्हणजे टाकाऊ नव्हे, हे दुय्यम निबंधकाच्या कचेरीत एकदा खेटे घातले की कळतं.

1955 साली कंपनी बंद पडली आणि तबकड्या जिथल्या तिथे राहिल्या. लाखेचा माल, पडला की फुटला. आगबोटीच्या काळात चाकरमान्यानं ट्रंकेत आणलेली तबकडी आधी बोटीतून पडावात, पडावातून किनाऱ्यावर आणि तिथून बैलगाडीत. त्यातून वाचली तर आमच्याकडचा पाऊस आणि मग माळ्यावरचे उंदीर आहेतच.

पुढे सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्सचे डॉ. सुरेश चांदवणकर, पेशानं भौतिकशास्त्रज्ञ, या लेबलाच्या मागे लागले. ब्रिटिश लायब्ररीच्या धोक्यातल्या दस्तऐवजांसाठीच्या योजनेतून मदत मिळाली, संग्राहकांनी पेट्या उघडल्या आणि सुमारे चौदाशे तबकड्यांच्या संगणकीय प्रती झाल्या. सोबत लेबलं आणि जुन्या याद्याही. ज्यांना तेव्हा कुणी मोठं म्हटलं नाही, त्यांचे आवाज लंडनच्या दप्तरी जमा झाले!

दहा हजारांतले चौदाशे. वसुली चौदा टक्के. आमच्या साहेबांनी असल्या खात्यावर लाल शाईनं 'बुडीत' असा शेरा मारला असता. मी मारणार नाही. माळा आवरताना काळी, जड, कडेला टवका उडालेली तबकडी हाती लागली, तर भंगारवाल्याच्या तागडीत घालण्याआधी तिचं लेबल पुसून वाचा. 'यंग इंडिया' दिसलं तर ती फडक्यात गुंडाळून उभी ठेवा. तिच्यावरचा गवई बेसूर निघाला तरी चालेल. उरलेल्या आठ हजार सहाशेंपैकी एक तरी जमेला धरता येईल.