‘सद्गती’ : एका मुहूर्ताची कथा

देवळाच्या सभामंडपात परवा एका वृद्ध स्नेह्यांनी तक्रार केली, की सत्यजित राय यांच्या ‘सद्गती’त भिक्षुकवर्गाची निष्कारण निंदा आहे. प्रेमचंदांच्या कथेवरून दूरदर्शनसाठी १९८१ साली निर्माण झालेले हे जेमतेम तासाभराचे हिंदी चित्रनाट्य मी त्यानंतर पुन्हा पाहिले. तक्रार मला पटली नाही. मात्र ती त्यांना का सुचली, हे उमगले.

कथानक साधे आहे. छत्तीसगडच्या खेड्यात चित्रित झालेल्या या कथेतला दुखी चर्मकार, मुलीच्या सोयरिकीचा मुहूर्त काढून घ्यावा म्हणून गवताचा भारा घेऊन घासीराम पंडिताच्या दारी येतो. तो तापातून नुकताच उठलेला आहे, पोटात अन्नाचा कण नाही. पंडित त्याला झाडलोट सांगतो, भुसा वाहायला लावतो आणि अखेर एक गाठाळ ओंडका फोडायला देऊन स्वतः वामकुक्षी करतो. कुऱ्हाडीचे घाव चालूच राहतात. ओम पुरींचा दुखी त्या ओंडक्यापाशीच प्राण सोडतो.

वकिलीची सवय म्हणून मी घासीरामाविरुद्ध मनातल्या मनात फिर्याद लिहू लागलो आणि अडलो. त्याने हात उगारला नाही, धमकी दिली नाही. राज्यघटनेच्या २३ व्या अनुच्छेदात बेगारीला नाव घेऊन मनाई आहे. एशियाडच्या बांधकामावरील मजुरांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली आणखी एक पाऊल टाकले : भुकेपोटी व दारिद्र्यापोटी पत्करलेले कामही सक्तीचेच ठरू शकते, असे मानले. परंतु दुखीला राबवणारी भूक नव्हे. पंडिताने मुहूर्त सांगितल्याविना लेकीचे मंगल नाही, ही त्याची निष्ठा त्याला राबवते. मूळ कथेत पंडितीण दुरून विस्तव फेकते, ठिणगी त्याच्या डोक्यावर पडते. आणि ब्राह्मणाचे घर विटाळल्याचे हे फळ, असे तो स्वतःच समजतो! या सक्तीला कोणते कलम लावावे?

मोहन आगाशे यांनी घासीराम खलपुरुष म्हणून रंगवलेला नाही, हे त्यांचे मोठे यश. (‘घाशीराम कोतवाल’मधला नाना येथे घासीराम व्हावा, हा योगायोगही गमतीचा.) दुखीइतकाच तोही आपल्या हक्काबद्दल निःशंक आहे. तो दुष्ट असता तर आमच्या स्नेह्यांनी त्याला सुखाने शिव्या दिल्या असत्या. गोंडाच्या तोंडचा रोष मात्र मला किंचित उघडा वाटला. जे आपण पाहतोच आहोत, ते त्याने बोलून दाखवण्याचे कारण नव्हते. स्मिता पाटीलच्या झुरियाला वाव थोडा, पण पंडिताच्या दारातला तिचा आक्रोश कानांतून जात नाही.

प्रेत विहिरीच्या वाटेवर पडलेले. वस्तीतले लोक उचलायला येत नाहीत. मग पंडित काठीने मृताचा पाय वर करून, स्पर्श न होऊ देता, दोरीचा फास अडकवतो आणि मेलेली जनावरे टाकतात तेथवर ते ओढीत नेतो. परत येऊन तो गंगाजल शिंपडतो. मुलीचा मुहूर्त काढायचा राहिला, तो राहिलाच.